आमचा तलाव रंगावर यायचा तेव्हा

माझ्यावर सगळ्यात मोठं ऋण आहे ते माझ्या वहिनीचं, सख्ख्या मोठ्या भावाच्या बायकोचं. आमच्या घरात मी पहिला पदवीधर. लोक विचारतात, कोणाच्या जोरावर शिकलास? मी वहिनींचं नाव घेतो, तर ऐकणाऱ्याला वाटतं की मी विनयानं बोलतो आहे, खरं नाव बापाचं असणार. खरं नाव वहिनींचंच आहे. वहिनी आमच्या घरी आल्या त्या त्यांच्या रंगामुळे आणि घरातून निघाल्या त्याही रंगामुळेच. म्हणून त्या रंगाबद्दल आधी सांगणं भाग आहे. तो रंग ज्या उजेडानं चढतो, त्याबद्दल मला आदरानं लिहिता येईल. तो पाहायला जमणाऱ्या माणसांबद्दल येणार नाही.

आमचं गाव भंडारा जिल्ह्यात, सिहोऱ्याच्या बाजूला, धानाचं. गावाला जुना तलाव आहे. तो काठोकाठ भरला की जादा पाणी एका बाजूच्या दगडी बांधावरून सांडतं. त्या जागेला आमच्याकडे सलंग म्हणतात. ज्या वर्षी सलंग चालते, त्या वर्षी ओळीनं काही संध्याकाळी सूर्य बुडाल्यावर त्या सांडत्या पाण्यातून उजेड वर येतो. ओल्या फडक्यातून पाणी झिरपावं तसा तो हळूहळू येतो, पारीवर, म्हणजे तलावाच्या मातीच्या बांधावर, उभ्या असलेल्या माणसाच्या तळपायाशी पोचतो आणि अंगावरून चढत जातो. मग प्रत्येक माणूस एकेका रंगाचा होतो. शेजारी-शेजारी उभे असलेले बापलेक, एक जांभळा तर एक विटकरी. झाड, म्हैस, सायकल यांना काही होत नाही, फक्त माणसं रंगतात. चुलीवरच्या भाताला उकळी येईपर्यंतचा वेळ, की संपलं. यालाच गावात ‘तलाव रंगावर आला’ असं म्हणतात. पुढं मोबाईल आले तेव्हा तुमसरची पोरं फोटो काढायला येऊ लागली. फोटोत काहीच यायचं नाही. अंधारात हात पसरून उभी असलेली माणसं तेवढी दिसायची, आणि ती अतिशय मूर्ख दिसायची. मला तर ते फोटो खरे वाटत.

इतकी विलक्षण गोष्ट दारात घडत असताना आमच्या गावानं काय केलं? धानाची लावतात तशी तिची प्रतवारी लावली. हळदी रंग पहिल्या नंबरचा, त्या घरात कोठी रिकामी होत नाही. मोरपंखी दुसरा. जांभळा बरा. विटकरी कष्टाळू, म्हणजे त्याला राबवून घ्यायला हरकत नाही. राखडी म्हणजे अंगावर राख फासल्यासारखा, तो अशुभ. आणि ज्याच्या अंगावर काहीच उमटत नाही तो कोरा. हे कोणी ठरवलं, कशावरून ठरवलं, हे विचारायची रीत नव्हती. लग्न जुळवताना पोरीला पारीवर उभी करत. पोराला शाळेत ठेवायचं की कामाला लावायचं तेही रंगावरून ठरे. बाजारात वांग्यांच्या भावातलं खोटं लगेच ओळखणारी ही माणसं इथं मात्र आंधळी होत.

रंग सांगायचं काम आमच्या चक्कीवाल्याकडे होतं. गावाचं दळण त्याच्याकडे. लोक त्याला पारखी म्हणत. मोठा आवाज आणि एक काळी छत्री यापलीकडे त्याची काही पात्रता मला कधी दिसली नाही. पाऊस असो-नसो, पारीवर तो छत्री उघडून सलंगेकडून येणाऱ्या उजेडाच्या आड ढालीसारखी धरायचा आणि तिच्या कडेवरून डोकावून ओरडायचा, “मोरपंखी! पाय थोडा मागं घे रे... हव, मोरपंखीच!” छत्री कशाला, म्हणून कोणी विचारलंच तर म्हणायचा, “उजेड डोयावर आला का पारख चुकते.” लोक माना डोलवत. गावातल्या प्रत्येक लग्नात पहिल्या पंगतीत त्याचं पान असे. त्यानं घरच्या म्हाताऱ्या आईला गोठ्यात, आमच्या बोलीत कोठ्यात, ठेवलं होतं, ती म्हशींच्या शेजारी खाटेवर पडून असायची, हे दळण न्यायला जाणाऱ्या प्रत्येकाला दिसत होतं. पण त्यानं पारखीत काही फरक पडत नव्हता.

आमच्या घराचा प्रकार आणखी वेगळा. आजोबांच्या पिढीनं धम्म स्वीकारला तेव्हा आमच्या वस्तीनं घरातले देव टोपलीत भरून याच तलावात सोडले होते. बाबा ती गोष्ट अभिमानानं सांगत. नवस नाही, अंगारा नाही, सत्यनारायण नाही. आणि तलाव रंगावर आला की हेच बाबा आंघोळ करून, पांढरं धोतर नेसून सगळ्यांच्या आधी पारीवर हजर. मी एकदा म्हटलं, “बाबा, देव सोडले ना आपण?”

“हे देव नाई, हे विज्ञान हाय,” बाबा म्हणाले.

त्यांच्या सोबतचा एक कुणबी म्हातारा होता, दोघं लहानपणापासूनचे दोस्त. तो हसून म्हणाला, “अबे, तुमी सोडलेल्या देवायचाच उजेड पडून राहिला तो! आमाले फुकटात भेटते.”

बाबाही हसले. त्यांचं रंगाला चिकटून राहणं मला पुढं थोडंफार कळलं. त्यांच्या लहानपणी आमच्या वस्तीला पारीच्या अगदी टोकाला उभं राहावं लागे, तेही सगळ्यांचं झाल्यावर, उजेड विझत आलेला असताना. भांडून, मार खाऊन त्यांनी मधली जागा मिळवली होती. जी जागा इतक्या कष्टानं मिळाली तिथं उभं राहण्यात काही अर्थच नाही, असं कोणाला ऐकावंसं वाटेल? कळलं मला. पण माझा राग त्यानं कमी झाला नाही. ज्या तराजूनं आपल्याला आयुष्यभर कमी तोललं, त्याच तराजूत सुनेला बसवायची हौस त्यांना होती.

मी स्वतः कोरा. उजेड माझ्या पायाशी यायचा आणि पुढच्याकडे जायचा. आई पदरानं डोळे पुसायची. पारखी दरवेळी एकच वाक्य म्हणायचा, “याले ढोरं राखाले लावा, शायेत टाइमपास होऊन राहिला.” दादा मोरपंखी होता. त्याला त्या रंगाखेरीज दुसरं काही करावं लागलं नाही.

दादाचं लग्न ठरलं तेव्हा गोंदिया वेगळा जिल्हा होऊन बरीच वर्षं झाली होती आणि गोसीखुर्द धरणाचं पाणी चढत होतं. मुलगी बुडीत गावची होती. त्यांचं गाव उठलं होतं, माणसं पुनर्वसनाच्या सारख्या-सारख्या घरांत राहत होती. त्यांच्याकडे असा उजेड कधीच नव्हता. मुलीला आमच्या पारीवर आणून उभी केली तेव्हा तिनं काय चाललंय हे धड विचारलंही नाही, चपला हातात घेऊन उभी राहिली. अंगावर असा पिवळा चढला की पारखीनं छत्री हलवली. “हळदी! वर्षावर्षात असा हळदी नाई पायला!” मुलगी बारावी पास आहे, मराठी टायपिंग शिकलेली आहे, हे कोणाच्या लक्षातच राहिलं नाही. आईनं गावभर सांगितलं की आमच्या घरी हळदी आली.

वहिनी आल्या तेव्हा मी दहावीत होतो आणि गणितात नापास व्हायच्या बेतात होतो. त्यांनी माझं पुस्तक उघडलं आणि म्हणाल्या, “भाऊजी, तुमाले येत नाई असं नाई. तुमाले कोणी सांगितलंच नाई.” रोज संध्याकाळी, भांडी घासून झाली की, त्या मला शिकवायला बसत. चुकलो की हसत नसत. असं शांतपणे मला आधी कोणी शिकवलं नव्हतं, शाळेतही नाही. शाळेत मी कोरा हे मास्तरांनाही माहीत होतं, मास्तर आमच्याच गावचे.

दहावीनंतर मला राइस मिलमध्ये हमालीला लावायचं बाबांनी ठरवलं. चक्कीवाला ओसरीवर चहा पीत बसला होता. म्हणाला, “कोऱ्याले शिकवून काय फायदा?”

वहिनी आतून म्हणाल्या, “म्हशीलेबी रंग येत नाई, काकाजी. तिचं दूध तुमी चहात घेऊनच राहिले ना?”

बाबांना हसू आवरलं नाही. ते हसले म्हणून मी अकरावीत गेलो. माझ्या शिक्षणाचा निर्णय असा झाला. विचार करून कोणी केला नाही.

माझी बारावी झाली त्या वर्षी पाऊस भरपूर होता, सलंग लवकर चालली. तोवर वहिनींना मूल झालं नव्हतं आणि आईच्या बोलण्यात टोचणी यायला लागली होती. पारीवर सगळं घर रांगेत उभं राहिलं. उजेड आला. बाबा जांभळे झाले, दादा मोरपंखी. वहिनींच्या पायाशी उजेड गेला आणि त्यांच्या अंगावर राखडी चढला. कपाळापर्यंत.

पारखीनं मान लांब करून पाहिलं. मग छत्रीच्या कडेवरून म्हणाला, “हळदी उतरली. राखडी आली. मी सांगत नवतो?” त्यानं आधी काहीच सांगितलेलं नव्हतं. पण गर्दीत दहा जणांनी ‘हव, सांगत होता’ म्हणून मान डोलावली. रंग असा बदलल्याचं यापूर्वी कोणी पाहिलं नव्हतं. याचा अर्थ उजेडाबद्दल आपल्याला काही कळत नाही, इतकं साधं अनुमान एकालाही काढता आलं नाही. त्यांनी काढलं ते अनुमान असं, की बाई खराब झाली.

घरी बैठक बसली. काका, मामा, वस्तीतले दोन वडीलधारे. प्रश्न एकच होता, वहिनींना ठेवायचं की माहेरी पाठवायचं. दादा भिंतीला टेकून काडीनं दात कोरत होता. माणूस वाईट नव्हता तो. पण आपल्या बायकोचं काय करायचं ते इतर लोक ठरवत असताना दात कोरणारा माणूस मी त्या दिवशी पाहिला आणि तो माझा भाऊ होता. मी बोलायला गेलो तर मामा म्हणाले, “कोऱ्यानं मधात बोलू नये.” शेवटी ठरलं की दुसरी उभी करायची. आमच्याकडे रंगाविषयी शंका आली की दुसऱ्या दिवशी गावासमक्ष पुन्हा पारीवर उभं करतात, तिला ‘दुसरी उभी’ म्हणतात. त्यात जो रंग येईल तो शेवटचा. राखडीच आला तर वहिनींनी जायचं. आणि त्या गेल्या की मी मिलमध्ये, हे कोणी बोललं नाही तरी सगळ्यांना ठाऊक होतं.

दुसऱ्या दिवशी पारीवर जत्रेसारखी गर्दी. शेंगदाणेवालाही आला होता. वहिनी पांढऱ्या लुगड्यात, अनवाणी, सलंगेच्या अलीकडे येऊन थांबल्या. पुढं जाईनात.

“चाल बाई, समोर ये,” पारखी छत्रीमागून म्हणाला.

“येतो,” वहिनी म्हणाल्या. “पण काकाजी, तुमचा रंग कोणता जी?”

“माहा कायले पायजे?”

“नाई, साऱ्या गावाचा तुमी सांगता. तुमचा कोणी पायला काय?”

लोक एकमेकांकडे पाहू लागले. कोणी पाहिला नव्हता. इतक्या वर्षांत ही गोष्ट कोणाच्या ध्यानात आली नव्हती. मागून कोणीतरी ओरडलं, “काकाजी, छत्री बंद करा ना!” दुसरा म्हणाला, “अबे, कोरा निंगन म्हणून भेते तो!” हशा पिकला. आमच्या लोकांचं एक आहे. कोणाचीही फजिती चालते त्यांना. सुनेची पाहायला आले होते, चक्कीवाल्याची मिळत असेल तर तीही हवी होती. दोघा पोरांनी छत्री हिसकावली आणि मिटली.

उजेड आला. मी त्याच्या पायांकडे पाहत होतो. मलाही वाटत होतं की तो कोरा निघणार, माझ्यासारखा, आणि आज सगळा हिशेब चुकता होणार. उजेड त्याच्या पायाशी गेला, धोतरावरून चढला, पोटावर, गळ्यावर, आणि तो हळदी झाला. वहिनींच्या पहिल्या हळदीपेक्षाही गडद. सोनारानं घासून ठेवल्यासारखा.

गर्दीतून ‘वा!’ असा आवाज आला. काहींनी हात जोडले. पारखीनं स्वतःच्या हातांकडे पाहिलं, उलटेसुलटे करून पाहिले, आणि त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. आयुष्यभर तो भीत होता हे त्या क्षणी सगळ्यांना दिसलं. इतर कोणाचं असं झालं असतं तर मला दया आली असती. त्याची आली नाही.

वहिनी मात्र हसल्या. म्हणाल्या, “काकाजी, तुमची माय आज जेवली काय?”

“जेवली असन.”

“कुठी रायते ती?”

शेंगदाणेवाल्याच्या टोपलीपाशी उभं असलेलं एक लहान पोरगं मोठ्यानं बोललं, “कोठ्यात!” त्याच्या आईनं त्याच्या पाठीत धपाटा घातला.

“मंग हळदी कोणाले येते ते समजलं मले,” वहिनी म्हणाल्या. “आता मी कायले उभी राहू?” आणि उजेड पारीवर असतानाच त्या वळल्या आणि घराकडे चालू लागल्या.

मला वाटलं, आता गावाचे डोळे उघडतील. मी अठरा वर्षांचा होतो, मला असं वाटणं साहजिक होतं. दुसऱ्या दिवशी चक्कीवर नेहमीपेक्षा मोठी रांग होती. हळदी माणसाच्या हातचं दळण म्हणून शेजारच्या गावची माणसंही आली होती. त्याची आई गोठ्यातच होती.

घरी बाबांनी निकाल दिला. दुसरी उभी अर्धवट टाकणं म्हणजे राखडी कबूल करणं. “पुढल्या सालच्या सलंगेपर्यंत मायेरी जाय.”

“मायेरी नाई जात मी, मामाजी,” वहिनी बाबांना म्हणाल्या. “भंडाऱ्याले जातो. टायपिंग येते मले. आन भाऊजीले संग नेतो, त्यायचं कॉलेज हाय.”

“देराले घेऊन जासीन? लोक काय म्हणतीन?”

“लोकायले रंग पाहाचं काम हाय ना. पाहू द्या.”

आम्ही निघालो तेव्हा आई दाराशी आली नाही. दादा एस.टी.पर्यंत पिशवी घेऊन आला, गाडी हलेपर्यंत खिडकीखाली उभा राहिला.

वहिनींना भंडाऱ्यात कचेरीजवळच्या एका झेरॉक्स-टायपिंगच्या दुकानात काम मिळालं. बुडीत गावांतली माणसं अर्ज घेऊन यायची, त्यांची भाषा आणि त्यांचं दुःख वहिनींना सांगावं लागत नसे. आम्ही नदीपलीकडे कारध्याला एक खोली घेतली. मी पूल ओलांडून कॉलेजला जायचो. घरमालकिणीनं पहिल्याच आठवड्यात विचारलं, “हा तुमचा कोण जी?” वहिनी म्हणाल्या, “विद्यार्थी.”

दादा काही महिन्यांनी आला, कपड्यांची पिशवी आणि घरचा कुकर घेऊन. कुकर का आणला विचारलं तर म्हणाला, “तुमच्याकडे नसन म्हणून.” माफी मागायची त्याची ती पद्धत होती. वहिनींनी कुकर ठेवून घेतला, दादाशी दोन दिवस धड बोलल्या नाहीत, मग बोलल्या. तो भाजीच्या अडत्याकडे कामाला लागला. पुढं त्यांना मुलगी झाली. गावात पारखीनं लगेच जाहीर केलं की राखडी उतरून पुन्हा हळदी आलेली आहे. न पाहता, एवढ्या लांबून. लोकांनी माना डोलवल्या.

मी पदवी घेतली, बी.एड. केलं आणि गडचिरोलीकडच्या एका शाळेत लागलो. पहिल्याच पावसाळ्यात गावाहून मंडळी मला भेटायला इतक्या लांब आली, आणि त्यांच्यासोबत बाबाही. त्या भेटीनंतर मी वहिनींना पत्र लिहिलं. फोनवर हे बोलता आलं नसतं. ते पत्र असं:

वहिनी,

सादर वंदन. मी बरा आहे. शाळा चांगली आहे, पोरं लाजाळू आहेत, पण एकदा बोलायला लागली की थांबत नाहीत. त्यांना गणित शिकवताना मी तुमच्यासारखाच हळू बोलतो. मुद्दाम नाही, तसंच येतं.

परवा गावची माणसं आली होती. सरपंच होते, चक्कीवाल्याचा मुलगा होता, मामा होते. यंदा सलंग चालली की पारीवर माझा सत्कार करायचा त्यांचा बेत आहे. शाल, श्रीफळ आणि पेपरात फोटो. गावाचा पहिला कोरा मास्तर, असं ते माझ्या तोंडावर म्हणाले आणि त्यांना त्यात काही चूक वाटली नाही. तुम्हालाही आणा म्हणाले. तुमचा रंग पहिल्यापासून हळदीच होता, मधे एकदा पारख चुकली, असं माइकवर सांगायला ते तयार आहेत. मी त्यांना चहा दिला आणि नाही म्हटलं. मामा म्हणाले, शिकलेल्या माणसाला गर्व येतो. असेल. या एका बाबतीत मला तो सोडायचा नाही.

पण हे पत्र त्यासाठी लिहीत नाही. सगळे गाडीत बसल्यावर बाबा मागं राहिले. माझ्या वर्गात आले, बाकावर बसले, फळ्यावर लिहिलेलं वाचत राहिले. मग म्हणाले, “तिले विचार, घरी येते काय. तुही माय थकली. पोरीलेबी पायलं नाई तिनं.” मी विचारलं, पुन्हा पारीवर उभं राहायला लागेल का? त्यांनी बाकावरची खडूची पूड हातानं पुसून काढली. शेवटी म्हणाले, “मी नाई म्हणणार. बाकीच्यायचं मी सांगू शकत नाई.” वहिनी, बाबा खोटं बोलले असते तर मला सोपं झालं असतं.

मी तुम्हाला जा म्हणणार नाही आणि जाऊ नका असंही म्हणणार नाही. तुम्हाला त्या घरातून काढलं तेव्हा सगळ्यांनी मत दिलं होतं, तुमचं कोणी विचारलं नव्हतं. आता तुम्हालाच विचारलं आहे, तर मधे माझं मत नको. दादाचंही घेऊ नका, तो तुम्ही म्हणाल तेच म्हणेल. उत्तर बाबांना कळवा.

दिवाळीची सुट्टी लागली की मी निघेन. मला तुमच्या घरी यायचं आहे. तेव्हा ते कारध्याला असेल की गावी, तेवढं मात्र गाडीत बसायच्या आधी कळवा.

तुमचा धाकटा दीर